अफगाण स्त्रियांनी दाद कुठे मागायची? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अफगाणिस्तानातील स्त्रियांविषयी मराठीत जे वाचायला मिळते, त्यात शाळा बंद झाल्या, नोकऱ्या गेल्या, बुरखा सक्तीचा झाला, एवढे बहुधा येते. नवऱ्याने मारलेल्या, माहेरच्या जमिनीतला वाटा नाकारलेल्या किंवा लहानपणीच लग्न लावून दिलेल्या बाईने फिर्याद घेऊन कुणाकडे जायचे, हा प्रश्न मात्र मागे राहतो. या विषयावर बोलताना जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारले जातात, त्यांची उत्तरे येथे दिली आहेत. काही उत्तरे लांबली आहेत, कारण तेथे थोडक्यात सांगितले तर चुकीचे चित्र उभे राहते.

आज अफगाण स्त्री न्यायालयात जाऊच शकत नाही का?

जाऊ शकते. तसा उघड मज्जाव करणारा एकच एक हुकूम नाही, आणि म्हणूनच हा विषय नीट समजून घ्यावा लागतो. वारसा, मेहेर (लग्नात नवऱ्याने बायकोला द्यायची ठरलेली रक्कम किंवा मालमत्ता) किंवा पोटगीच्या तक्रारी घेऊन स्त्रिया आजही, ऑगस्ट २०२१ मध्ये पुन्हा सत्तेवर आलेल्या तालिबानच्या न्यायालयांत जातात. पण तिथवर पोचण्याचा रस्ता एकेक करून तोडण्यात आला आहे. ७२ किलोमीटरहून लांबचा प्रवास महरमाशिवाय, म्हणजे ज्याच्याशी निकाह होऊ शकत नाही अशा जवळच्या पुरुष नातेवाइकाशिवाय, करता येणार नाही असे डिसेंबर २०२१ मध्ये जाहीर झाले. खंडपीठावर स्त्री नाही, सरकारी वकिलांत स्त्री नाही, आणि बाजू मांडायला स्त्री वकील मिळत नाही. ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे तो नवरा किंवा भाऊच पुष्कळदा तिचा महरम असतो. अशा वेळी तक्रार करायला जाताना सोबत कुणाला न्यायचे, या एका प्रश्नावरच बहुतेक प्रकरणे घरातच थांबतात.

२०२१ पूर्वी कायदा काय सांगत होता?

कायदा अपुरा होता, पण होता. १९७७ च्या नागरी संहितेने मुलीच्या लग्नाचे वय १६ आणि मुलाचे १८ ठरवले होते. तिच्यात स्त्रीला न्यायालयाकडून विवाहविच्छेद मागण्यासाठी चार कारणे दिली होती: नवऱ्याचा बरा न होणारा दोष किंवा आजार, त्याच्याकडून होणारा जाच, पोटगी न देणे, आणि तीन वर्षे किंवा अधिक काळ त्याचे बेपत्ता असणे. याखेरीज मेहेर सोडून देऊन काडीमोड घेण्याची, म्हणजे खुला या प्रकाराची, सोय होती. मुलांच्या बाबतीत मुलगा ७ वर्षांचा आणि मुलगी ९ वर्षांची होईपर्यंत ताबा आईकडे राहावा आणि न्यायालयाला योग्य वाटल्यास तो आणखी दोन वर्षे वाढवता यावा, अशी तरतूद होती.

२००४ च्या राज्यघटनेच्या २२ व्या अनुच्छेदाने स्त्री आणि पुरुष कायद्यापुढे समान असल्याचे स्पष्ट शब्दांत म्हटले. त्याच घटनेच्या तिसऱ्या अनुच्छेदानुसार इस्लामच्या विरुद्ध जाणारा कोणताही कायदा करता येत नव्हता. ही दोन्ही वाक्ये एकाच दस्तऐवजात होती, आणि पुढची सतरा वर्षे अफगाण स्त्री वकिलांनी या दोहोंचा मेळ घालतच खटले लढवले.

सर्वांत महत्त्वाचे पाऊल २००९ मध्ये पडले. राष्ट्राध्यक्ष हमीद करझाई यांनी वटहुकमाने स्त्रियांवरील हिंसाचार निर्मूलन कायदा आणला. त्यात २२ कृत्ये गुन्हा ठरवली गेली. बलात्कार, मारहाण, बालविवाह, सक्तीचा विवाह, वारसाहक्क नाकारणे, स्त्रीला स्वतःला जाळून घेण्यास भाग पाडणे आणि 'बाद' ही प्रथा, यांचा त्यांत समावेश होता. त्याआधीच्या १९७६ च्या दंडसंहितेत बलात्कार आणि व्यभिचार यांत नीट भेद नव्हता, त्यामुळे बलात्काराची तक्रार घेऊन आलेली स्त्री स्वतःच आरोपी ठरण्याचा धोका असे. नव्या कायद्याने बलात्काराची वेगळी व्याख्या केली. पुढच्या वर्षी काबूलमध्ये या गुन्ह्यांसाठी सरकारी वकिलांचे स्वतंत्र पथकही सुरू झाले.

'बाद' म्हणजे नेमके काय?

दोन घराण्यांत खून किंवा तसाच मोठा अपराध घडला की गावातील वडीलधाऱ्यांची बैठक, म्हणजे जिरगा, तडजोड ठरवते. त्या तडजोडीत अपराध करणाऱ्याच्या घरची मुलगी समोरच्या घरात लग्न करून दिली जाते. वैर मिटवण्याचा हा मार्ग मानला जातो. मुलीचे वय पाच असो वा पंधरा, तिला विचारण्याचा प्रश्नच येत नाही. ज्या घरात ती जाते तेथे ती सून म्हणून कमी आणि खून करणाऱ्याच्या घरची म्हणून अधिक ओळखली जाते, आणि वागणूकही त्याच हिशेबाने मिळते. ही रूढी शरियतमधून आलेली नाही, ती टोळ्यांच्या रिवाजातून आली आहे. अफगाण धर्मपंडितांपैकी अनेकांनी तिला इस्लामविरोधी म्हटले आहे आणि तालिबानच्या प्रमुखांनीही तिला मनाई केली आहे.

२००९ चा कायदा संसदेने मंजूर का केला नाही?

कारण तो मंजुरीसाठी नेला तेव्हा मोडीत निघण्याची वेळ आली. मे २०१३ मध्ये खासदार फौजिया कूफी यांनी तो कनिष्ठ सभागृहापुढे मांडला. वटहुकूम पुढचा कोणताही राष्ट्राध्यक्ष मागे घेऊ शकतो, संसदेने मंजूर केलेला कायदा तितक्या सहज रद्द होत नाही, असा त्यांचा विचार होता. लग्नाचे किमान वय, नवऱ्याला होणारी शिक्षा आणि निवारागृहे यांवर परंपरावादी सदस्यांनी इतका गदारोळ केला की सभापतींनी सुमारे पंधरा मिनिटांतच चर्चा थांबवली. विषय चर्चेला आणूच नये, आणल्यास आहे तेही जाईल, असा इशारा अनेक स्त्री कार्यकर्त्यांनी आधीच दिला होता. दोन्ही बाजूंच्या स्त्रियांचा हेतू एकच होता आणि दोघींच्याही भीतीला आधार होता. मला या प्रसंगात कुणाला दोष द्यावासा वाटत नाही. कायदा वटहुकूम म्हणूनच चालू राहिला.

कायदा असताना तरी न्याय मिळत होता का?

काहींना मिळत होता, बहुतेकींना नाही. गंभीर गुन्हे वगळता तक्रारदार स्त्रीला तक्रार मागे घेण्याची मुभा कायद्यातच होती, त्यामुळे घरच्यांचा सारा दबाव त्या एका सहीवर येऊन पडे. पोलीस, महिला विभागाची कार्यालये आणि सरकारी वकीलसुद्धा मध्यस्थी करून प्रकरण मिटवण्याकडे वळत. खुनासारखे गुन्हेही जिरग्यात मिटवले जात असल्याचे संयुक्त राष्ट्रांच्या अफगाणिस्तानातील मिशनने २०१८ च्या अहवालात नोंदवले.

दुसरी बाजू तर त्याहून कडवट आहे. घरातून पळून जाणे हा अफगाण दंडसंहितेत कधीच गुन्हा नव्हता. तरीही त्यासाठी बायका तुरुंगात होत्या. २०१२ मध्ये ह्यूमन राइट्स वॉच या संस्थेने केलेल्या पाहणीनुसार सुमारे ४०० स्त्रिया आणि मुली तथाकथित नैतिक गुन्ह्यांसाठी कोठडीत होत्या, आणि त्यांतील अनेक जणी सक्तीचे लग्न किंवा मारहाण यांपासून पळालेल्या होत्या. २०२१ पूर्वीचा काळ सुवर्णकाळ म्हणून रंगवणे हा या स्त्रियांवर अन्याय होईल. तेव्हा आणि आता यांतला फरक एवढाच, पण फार मोठा, की तेव्हा अन्यायकारक निकालाविरुद्ध अपील करता येत होते, वर्तमानपत्रात लिहिता येत होते, आणि न्यायालयाच्या दारात उभे राहून घोषणा देता येत होत्या.

फरखुंदा प्रकरणात पुढे काय झाले?

१९ मार्च २०१५ रोजी काबूलमधील शाह-दो-शमशीरा दर्ग्याजवळ २७ वर्षांच्या फरखुंदा मलिकजादा हिला जमावाने ठार मारले. ती धर्मशास्त्र शिकत होती आणि दर्ग्यात चाललेल्या तावीज-विक्रीला तिने हरकत घेतली होती. त्यावरून वाद झाला आणि तिने कुराण जाळल्याचा आरोप ओरडून केला गेला. तपासात त्या आरोपाला कसलाही आधार सापडला नाही. पोलीस तेथे हजर होते. अनेकांनी मोबाइलवर चित्रण केले आणि नंतर तेच चित्रण पुरावा म्हणून वापरले गेले.

दफनाच्या दिवशी जे घडले ते अफगाणिस्तानात कुणी पाहिलेले नव्हते. तिचा जनाजा स्त्रियांनी खांद्यावर घेतला. तेथे प्रेताला खांदा देणे हे पुरुषांचे काम, बायका दफनविधीला सहसा जातच नाहीत. त्या दिवशी काळे कपडे घातलेल्या बायकांनी पुरुषांना शवपेटीला हात लावू दिला नाही.

खटला मे महिन्यात झपाट्याने चालला. ४९ आरोपी होते आणि त्यांत १९ पोलीस होते. चौघांना फाशीची शिक्षा झाली आणि ११ पोलिसांना कर्तव्यात कसूर केल्याबद्दल एक वर्षाची. जुलैमध्ये अपील न्यायालयाने बंद दाराआड सुनावणी घेऊन फाशी रद्द केली. तिघांना वीस वर्षे आणि एकाला दहा वर्षे कैद दिली. घाईचा खटला आणि गुप्त अपील या दोन्हींवर स्त्री वकिलांनी टीका केली. त्यांची मागणी फाशीची नव्हती, उघड आणि नियमाने चाललेल्या सुनावणीची होती, हे मुद्दाम नोंदवावेसे वाटते.

आईचे नाव ओळखपत्रावर असण्याचा न्यायाशी काय संबंध?

अफगाण ओळखपत्राला तझकिरा म्हणतात. त्यावर वडील आणि आजोबा यांची नावे असत, आईचे नसे. लग्नपत्रिकेवर वधूचे नाव छापण्याऐवजी अमक्याची मुलगी असे लिहिण्याचा आणि थडग्यावरही अमक्याची पत्नी एवढेच कोरण्याचा रिवाज अनेक ठिकाणी होता. विधवा किंवा घटस्फोटित आईला मूल आपले आहे हे कागदाने सिद्ध करता येत नसे. त्याच्या पारपत्रासाठी, शाळेसाठी आणि ताब्याच्या दाव्यासाठी तिला नवऱ्याकडच्या पुरुषांपुढे हात पसरावे लागत. २०१७ मध्ये हेरातच्या लालेह उस्मानी आणि त्यांच्या मैत्रिणींनी 'माझे नाव कुठे आहे?' ही मोहीम सुरू केली आणि सप्टेंबर २०२० मध्ये राष्ट्राध्यक्ष अश्रफ घनी यांनी आईचे नाव तझकिऱ्यावर घालण्याच्या दुरुस्तीवर सही केली. वर्षभरातच सत्ता पालटली.

महिला न्यायाधीशांचे काय झाले?

२०२१ च्या मध्यापर्यंत अडीचशेच्या आसपास स्त्रिया अफगाणिस्तानात न्यायाधीश होत्या. सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ सदस्यांच्या मंडळावर मात्र स्त्री कधीच पोचली नाही. २०१५ मध्ये अनीसा रसूली यांचे नाव सुचवले गेले, पण संसदेत त्यांना थोड्या मतांनी नकार मिळाला. १७ जानेवारी २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयात काम करणाऱ्या दोन महिला न्यायाधीशांना काबूलमध्ये कामावर जाताना गोळ्या घातल्या गेल्या.

ऑगस्टमध्ये तालिबानने तुरुंगांचे दरवाजे उघडले. या न्यायाधीशांनी ज्यांना खून, अपहरण आणि बायकोच्या छळाबद्दल शिक्षा दिली होती ते पुरुष मोकळे झाले आणि त्यांना शोधू लागले. त्या घर बदलत राहिल्या, फोन बंद ठेवू लागल्या, आपल्या पदव्या आणि नेमणुकीची पत्रे लपवू लागल्या. आंतरराष्ट्रीय महिला न्यायाधीश संघटनेने आणि वकिलांच्या आंतरराष्ट्रीय संस्थांनी त्यांतील पुष्कळ जणींना बाहेर काढले. अनेकींना आधी ग्रीसमध्ये ठेवण्यात आले आणि तेथून ब्रिटन, कॅनडा, ऑस्ट्रेलिया अशा देशांत पाठवले गेले. काही जणी मागेच राहिल्या.

वकील आणि सरकारी वकील?

वकील संघटना नोव्हेंबर २०२१ मध्ये तालिबानच्या न्याय मंत्रालयाने ताब्यात घेतली. सनदा नव्याने देण्याचे ठरले आणि स्त्रियांना त्या मिळाल्या नाहीत. सरकारी वकिलांच्या खात्याचे फौजदारी खटले चालवण्याचे काम २०२३ मध्ये काढून घेऊन त्याचे फर्मानांच्या अंमलबजावणीवर देखरेख ठेवणाऱ्या कार्यालयात रूपांतर झाले. महिला व्यवहार मंत्रालयाच्या काबूलमधील इमारतीवर सप्टेंबर २०२१ मध्येच सद्गुणांचा प्रसार आणि दुर्गुणांना प्रतिबंध करणाऱ्या मंत्रालयाची पाटी लागली होती. मे २०२२ मध्ये स्वतंत्र मानवी हक्क आयोग बरखास्त झाला.

पण तालिबानने स्त्रियांना हक्क देणारे फर्मान काढले आहे ना?

होय. ३ डिसेंबर २०२१ रोजी ते निघाले. मुलीच्या संमतीशिवाय लग्न लावू नये, तडजोडीसाठी मुलगी देऊ नये, विधवेला सासरची मालमत्ता समजू नये, तिला मेहेर आणि वारसा मिळावा, असे त्यात आहे. स्त्री ही वस्तू नव्हे, माणूस आहे, असेही त्यात म्हटले आहे. हे फर्मान खोटे म्हणून झटकून टाकू नये. त्याचा आधार घेऊन जमिनीचा वाटा किंवा लग्नास नकार देण्याचा हक्क मिळवल्याची उदाहरणे आहेत.

अडचण त्यात काय नाही याची आहे. लग्नाचे किमान वय नाही. शिक्षण आणि काम यांचा उल्लेख नाही. मारहाणीबद्दल शिक्षा नाही. आणि ज्या २००९ च्या कायद्यात या साऱ्या गोष्टी गुन्हा म्हणून शिक्षेसह लिहिल्या होत्या, तो मात्र आता लागू धरला जात नाही. संमतीशिवाय लग्न लावले तर कुणाला, किती आणि कोणत्या कलमाखाली शिक्षा होईल, याचे उत्तर न्यायाधीशाच्या मतावर सोडलेले आहे.

जुने घटस्फोट रद्द केले जात आहेत, हे खरे आहे का?

खरे आहे. प्रजासत्ताकाच्या, म्हणजे २०२१ पूर्वीच्या, काळात एकतर्फी, म्हणजे नवरा हजर न राहिल्यामुळे, झालेले विवाहविच्छेद नवऱ्याने अर्ज केल्यावर तालिबानच्या न्यायालयांनी अमान्य ठरवल्याची अनेक प्रकरणे पुढे आली आहेत. नवरा नोटिसा घेऊनही सुनावणीला आला नाही, म्हणून निकाल एकतर्फी लागला होता, ही गोष्ट आता त्याच्याच उपयोगी पडते. दुसरे लग्न केलेल्या स्त्रीवर अशा वेळी व्यभिचाराचा आरोप येऊ शकतो, आणि त्यामुळे अनेक जणी लपून राहतात.

२०२४ मध्ये बीबीसीने उरुझगानच्या एका तरुणीची हकिकत दिली. घराण्यांचा वाद मिटवण्यासाठी ती सात वर्षांची असताना तिचे लग्न ठरवले गेले होते. पंधराव्या वर्षी नवरा तिला न्यायला आला तेव्हा तिने न्यायालयात धाव घेतली आणि दोन वर्षे झगडून विवाह रद्द करून घेतला. तालिबान आल्यावर नवऱ्याने पुन्हा अर्ज केला. सुनावणीला तू येऊ नकोस, ते शरियतला धरून नाही, तुझ्या भावाने तुझी बाजू मांडावी, असे तिला सांगण्यात आले. निकाल तिच्या विरुद्ध गेला. बहीणभावांनी देश सोडला. शेजारच्या देशात दोन रहदारीच्या रस्त्यांमधल्या एका झाडाखाली ती बसलेली वार्ताहराला दिसली, कागदांचे गाठोडे छातीशी धरून. त्या गाठोड्यात तिचा जुना निकाल होता.

मारहाणीची तक्रार आज कुणाकडे होते?

पोलीस ठाणी, तालिबानची न्यायालये, न्याय मंत्रालयाची कार्यालये आणि वडीलधाऱ्यांच्या बैठका, अशा अनेक ठिकाणी होते, आणि कुणाचे काम काय हे कुठेच स्पष्ट नाही. २०२१ पूर्वी देशात शासकीय आधाराने चालणारी २३ निवारागृहे होती. ती सगळी बंद झाली. निवारागृहांची गरज नाही, ती पाश्चात्त्य कल्पना आहे, स्त्रीने नवऱ्याजवळ किंवा घरच्या पुरुषांजवळ राहावे, असे अधिकाऱ्यांनी संयुक्त राष्ट्रांच्या मिशनला सांगितले. जिला घरात पुरुष नातेवाईक नाही, किंवा जिला त्यांच्यापासूनच धोका आहे, तिला संरक्षणासाठी म्हणून तुरुंगात ठेवल्याचे मिशनच्या डिसेंबर २०२३ च्या अहवालात नोंदवले आहे. घरच्या पुरुषाकडून तिला इजा करणार नाही असे लिहून घेऊन तिला परत पाठवणे, हा दुसरा मार्ग. इजा करणारा तोच असतो आणि हमी देणाराही तोच.

ऑगस्ट २०२४ च्या कायद्याने काय बदलले?

त्याआधी निरनिराळी फर्माने होती. सद्गुणांचा प्रसार आणि दुर्गुणांना प्रतिबंध यांसाठीच्या या ३५ कलमी कायद्याने ती लेखी कायद्यात बांधली. स्त्रीने पूर्ण शरीर आणि चेहरा झाकावा, तिचा आवाजही परपुरुषापासून झाकण्याची गोष्ट मानावा, वाहनचालकाने महरमाशिवाय स्त्रीला बसवू नये, अशा तरतुदी त्यात आहेत. नियम मोडल्याचे वाटल्यास ताकीद देण्यापासून तीन दिवसांपर्यंत कोठडीत ठेवण्यापर्यंतचे अधिकार त्या नावाच्या मंत्रालयाच्या निरीक्षकांना दिले आहेत. न्यायालयाच्या दृष्टीने पाहिले तर जिने आवाज झाकायचा आहे तिने साक्ष कशी द्यायची आणि उलटतपासणी कशी करायची, हा प्रश्न उभा राहतो. शिवाय कोठडीचा निर्णय न्यायाधीशापुढे न जाता रस्त्यावरच होऊ शकतो.

हा इस्लामचा प्रश्न आहे का?

अफगाण स्त्री वकिलांचे उत्तर बहुधा नाही असेच असते, आणि ते ऐकून घेण्यासारखे आहे. जी नागरी संहिता वर आली ती हनफी फिक्हवर, म्हणजे सुन्नी इस्लामच्या हनफी परंपरेतील धर्मशास्त्रीय कायद्यावर, उभी होती. पाकिस्तानात जानेवारी २०२२ मध्ये आयेशा मलिक सर्वोच्च न्यायालयाच्या पहिल्या महिला न्यायाधीश झाल्या. इंडोनेशियाच्या धार्मिक न्यायालयांत स्त्रिया निवाडे करतात. डिसेंबर २०२२ मध्ये विद्यापीठे मुलींना बंद झाली तेव्हा इस्लामी सहकार्य संघटनेने निषेध केला होता. मेहेर, वारसा आणि जाचाबद्दल विवाहविच्छेद हे हक्क अफगाण स्त्रिया धर्माच्या चौकटीतच मागत आल्या आहेत. महाराष्ट्रात बसून या विषयाला हिंदू-मुसलमान वादाचे वळण देणाऱ्यांनी निदान त्या काय मागत आहेत हे आधी वाचावे, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

हेगच्या न्यायालयाने अटक वॉरंट काढले, त्याचा उपयोग काय?

अफगाणिस्तान २००३ मध्ये हेग येथील आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाचा सदस्य झाला, म्हणून या न्यायालयाला अधिकार आहे. २३ जानेवारी २०२५ रोजी अभियोक्ता करीम खान यांनी अर्ज केला आणि ८ जुलै २०२५ रोजी न्यायाधीशांनी तालिबानचे सर्वोच्च नेते हैबतुल्लाह अखुंदजादा आणि सरन्यायाधीश अब्दुल हकीम हक्कानी यांच्याविरुद्ध वॉरंटे काढली. आरोप लिंगाच्या आधारे केलेल्या छळाचा, म्हणजे मानवतेविरुद्धच्या गुन्ह्याचा आहे. स्त्रियांची बाजू घेणाऱ्यांचा राजकीय कारणाने छळ केल्याचा आरोपही त्यात आहे. तालिबानने हे न्यायालय आपल्याला मान्य नसल्याचे जाहीर केले आहे.

या न्यायालयाकडे स्वतःचे पोलीस नाहीत आणि आरोपी समोर असल्याशिवाय खटला चालत नाही. अखुंदजादा कंदाहार सोडून क्वचितच बाहेर पडतात. तेव्हा उद्या कुणाला बेड्या पडतील अशी आशा कुणी दाखवू नये. पण एका देशाच्या सरन्यायाधीशावरच स्त्रियांच्या छळाचे वॉरंट निघणे याचा अर्थ अफगाण स्त्रियांना नेमका कळतो. ज्याच्याकडे शेवटची दाद मागायची तोच आरोपी आहे, हे त्या तीन-चार वर्षे सांगत होत्या, ते आता न्यायाधीशांच्या आदेशात लिहिले गेले.

आंतरराष्ट्रीय न्यायालयात जे चालले आहे ते वेगळे आहे का?

वेगळे आहे. तेथे व्यक्तींवर खटला चालत नाही, देशाविरुद्ध देश जातो. अफगाणिस्तानने स्त्रियांविरुद्धच्या भेदभावाच्या निर्मूलनाचा आंतरराष्ट्रीय करार मार्च २००३ मध्ये एकही अट न घालता मान्य केला होता. त्या कराराच्या २९ व्या अनुच्छेदाचा आधार घेऊन ऑस्ट्रेलिया, कॅनडा, जर्मनी आणि नेदरलँड्स यांनी सप्टेंबर २०२४ मध्ये अफगाणिस्तानला जबाबदार धरण्याची प्रक्रिया सुरू करण्याचे जाहीर केले. आधी बोलणी, मग लवाद, आणि सहा महिन्यांत लवादावर एकमत न झाल्यास न्यायालय, अशी पायरी आहे. यामुळे तालिबानला मान्यता मिळत नाही, हे या देशांनी स्पष्ट केले आहे.

'जेंडर अपार्थाइड' हा शब्द का वापरला जातो?

अपार्थाइड, म्हणजे राज्यव्यवस्थेने लादलेला वंशभेद, हा आंतरराष्ट्रीय कायद्यात गुन्हा आहे, पण त्याची व्याख्या वंशापुरती आहे. एका समूहाला सगळ्या सार्वजनिक जीवनातून पद्धतशीरपणे बाहेर काढणारी राज्यव्यवस्था वंशाऐवजी लिंगावर उभी असेल तर तोही गुन्हा मानावा, अशी अफगाण स्त्री कायदेतज्ज्ञांची मागणी आहे. मानवतेविरुद्धच्या गुन्ह्यांवरील नव्या करारासाठी २०२८ आणि २०२९ मध्ये वाटाघाटी व्हायच्या आहेत आणि त्या मसुद्यात हा शब्द यावा यासाठी त्या आत्तापासून झटत आहेत.

बाहेर पडलेल्या स्त्रीला आश्रय मिळतो का?

युरोपीय संघाच्या न्यायालयाने ४ ऑक्टोबर २०२४ रोजी, ऑस्ट्रियाच्या न्यायालयाकडून आलेल्या, दोन अफगाण स्त्रियांच्या प्रकरणात, महत्त्वाचा निवाडा दिला. अर्जदार अफगाण आहे आणि स्त्री आहे, एवढ्यावरून निर्वासिताचा दर्जा देता येतो, तिला स्वतःला वैयक्तिक धमकी आली होती हे वेगळे सिद्ध करण्याची सक्ती नाही, असा त्याचा आशय आहे. पण हे युरोपात पोचलेल्या स्त्रीसाठी आहे. व्हिसा आणि महरम नसलेल्या बाईला तिथवर पोचणे हेच सर्वांत कठीण.

भारतात काय परिस्थिती आहे?

भारताने १९५१ च्या निर्वासित करारावर सही केलेली नाही आणि तो आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाचा सदस्यही नाही. दिल्लीत लाजपत नगर, भोगल या भागांत राहणाऱ्या अफगाण कुटुंबांपैकी अनेकांकडे संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित उच्चायुक्तालयाचे कार्ड असते, पण त्याने नोकरीचा हक्क मिळत नाही. अफगाणांच्या बाबतीत नागरिकत्व दुरुस्ती कायदा सहा बिगरमुस्लिम समुदायांपुरता आणि २०१४ अखेरपर्यंत आलेल्यांपुरता आहे.

पुण्याचा संबंध शिक्षणाचा आहे. भारत सरकारच्या शिष्यवृत्त्यांवर आणि स्वखर्चाने आलेले अफगाण विद्यार्थी अनेक वर्षे पुण्यात शिकत आले आहेत आणि त्यांत मुलीही होत्या. ऑगस्ट २०२१ मध्ये शिकत असलेल्यांपुढे व्हिसा, फी आणि परतीचा प्रश्न एकदमच उभा राहिला. ज्या महाविद्यालयांत अशा विद्यार्थिनी आहेत, तेथील कायदा विभागांनी त्यांना व्हिसा आणि निवासाच्या कागदांबाबत विनामूल्य सल्ला दिला तर ते मोठे काम होईल.

पुरावे कोण गोळा करत आहे?

संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क परिषदेने २०२२ पासून विशेष प्रतिवेदक म्हणून रिचर्ड बेनेट यांना नेमले आहे. २०२४ मध्ये तालिबानने त्यांना देशात येण्यास बंदी घातली, तरी त्यांचे काम बाहेरून चालू राहिले. ऑक्टोबर २०२५ मध्ये परिषदेने एक पाऊल पुढे टाकून अफगाणिस्तानसाठी स्वतंत्र तपास यंत्रणा स्थापन केली. पुढे कधी, कोणत्याही देशात खटला उभा राहिला तर उपयोगी पडतील अशा रीतीने पुरावे जमा करणे आणि जपणे, हे तिचे काम. त्याच महिन्यात माद्रिदमध्ये नागरी संस्थांच्या पुढाकाराने भरलेल्या जन-न्यायाधिकरणाने अफगाण स्त्रियांच्या साक्षी ऐकल्या. त्याचा निकाल कुणावर बंधनकारक नाही, पण साक्षी तारीखवार नोंदल्या गेल्या.

अशा नोंदीत भावनेपेक्षा तपशील मोलाचा असतो. हुकूम कुणी दिला, कोणत्या दिवशी, कोणत्या कार्यालयात, कागदावर की तोंडी, समोर कोण होते. फोन तपासला जाण्याच्या भीतीने अनेक जणी छायाचित्रे पुसून टाकतात आणि मूळ कागद सोबत ठेवणेही धोक्याचे असते. उरुझगानच्या त्या तरुणीने छातीशी धरलेला निकाल हा अशाच पुराव्यांपैकी एक आहे. त्यावर एका न्यायालयाचा शिक्का आहे, आणि ते न्यायालय आता नाही.